‘जगात देश किती?’ असं विचारणाऱ्यांना नागपूरहून एक खुलं पत्र

प्रति,
स्पर्धा परीक्षांच्या प्रश्नपत्रिका काढणारे आणि उत्तरतालिका ठरवणारे तज्ज्ञ,
तसंच सामान्य ज्ञानाच्या पुस्तिका लिहिणारे आणि छापणारे सर्वजण यांस,

सप्रेम नमस्कार.

मी नागपुरात भूगोल शिकवते. सक्करदऱ्याकडच्या एका अभ्यासिकेत संध्याकाळी भरती परीक्षांची तयारी करणाऱ्या मुलामुलींचा वर्ग घेते. उमरेड, कुही, भिवापूर, काटोल अशा तालुक्यांतून आलेली ही मुलं. कुणी खोली घेऊन, मेस लावून राहतं, कुणी सकाळी दुकानात काम करून दुपारपासून अभ्यासाला बसतं. पोलीस भरती, तलाठी, लिपिक, जी जाहिरात निघेल ती ही मुलं भरतात. त्यांच्यासाठी एकेक मार्क म्हणजे काय, हे तुम्हाला मी वेगळं सांगायला नको.

नुकत्याच झालेल्या एका भरती परीक्षेत प्रश्न होता : ‘जगात एकूण किती देश आहेत?’ पर्याय चार. १९३, १९५, १९७ आणि २०६. उत्तरतालिकेत बरोबर उत्तर १९५ असं आलं. माझ्या वर्गातल्या बऱ्याच मुलांनी १९३ रंगवलं होतं, कारण याआधी झालेल्या दुसऱ्या एका परीक्षेत ह्याच प्रश्नाचं १९३ हे उत्तर बरोबर धरलं गेलं होतं. मुलांनी हरकती घेतल्या. हरकतीमागं शुल्क भरावं लागतं, ते भरलं. पुरावा म्हणून संयुक्त राष्ट्रांची सदस्ययादी जोडली. अंतिम उत्तरतालिकेत काहीच बदललं नाही. एका ओळीत बोळवण झाली : ‘तज्ज्ञांच्या मते मूळ उत्तर योग्य आहे.’

एक मुलगी ओएमआर उत्तरपत्रिकेची कार्बन प्रत घेऊन माझ्याकडे आली. १९३ चा गोल प्रतीवर निळा, गडद उमटलेला आणि शेजारी तिनं पेन्सिलीनं चुकीच्या उत्तराचा कापला जाणारा वजा पाव मार्क लिहिलेला. म्हणाली, ‘मॅडम, त्या पेपरात एक अन् ह्या पेपरात दुसरं, मंग आमी लिहाचं काय?’ तात्पुरत्या गुणवत्ता यादीत ती अगदी थोडक्यानं मागं आहे. तिच्या प्रश्नाचं उत्तर द्यायची जबाबदारी तुमची आहे, आणि ते चारचौघांत द्यायला हवं, म्हणून हे पत्र खासगीत न पाठवता सगळ्यांसमोर ठेवते आहे.

माझी मुख्य तक्रार अशी : तुमच्या चारही पर्यायांमागं एकेक यादी आहे. यादी कुणाची ते सांगितलं, तर चारातला एकेक पर्याय बरोबर ठरतो. ते न सांगता एकच बरोबर म्हणणं म्हणजे भूगोलाच्या नावाखाली नशीब आजमावायला लावणं आहे.

१९३ हा संयुक्त राष्ट्रांच्या सदस्यांचा आकडा. १९४५ मध्ये संस्थापक सदस्य ५१ होते. वसाहती स्वतंत्र होत गेल्या, सोव्हिएत संघ आणि युगोस्लाव्हिया फुटले, चेकोस्लोव्हाकियाचे दोन देश झाले, आणि १४ जुलै २०११ रोजी दक्षिण सुदान आल्यावर आकडा १९३ झाला. तेव्हापासून तो तिथंच आहे. ह्या यादीत शिरायचं तर सुरक्षा परिषदेची शिफारस लागते, म्हणजे १५ पैकी किमान ९ मतं आणि पाच कायम सदस्यांपैकी कुणाचाही नकाराधिकार नको. त्यानंतर महासभेत दोन तृतीयांश बहुमत. थोडक्यात, वॉशिंग्टन, मॉस्को, बीजिंग, लंडन किंवा पॅरिस यांपैकी एकानं आडवा हात घातला की दार बंद. जगातल्या देशांची मोजणी म्हणून आपण जी यादी पाठ करतो, तिच्या दारावर हे पाच पहारेकरी उभे आहेत, एवढं तरी पाठ करणाऱ्या मुलाला कळायला हवं की नको?

१९५ म्हणजे हे १९३ आणि दोन निरीक्षक (सभेत बसणारे, पण सदस्य नसलेले), व्हॅटिकन आणि पॅलेस्टाइन. इथंही मेख आहे. निरीक्षकाची जागा व्हॅटिकन शहराच्या नावावर नाही, ती होली सी, म्हणजे पोपच्या धर्मपीठाच्या नावावर आहे, आणि ती १९६४ पासून आहे. पॅलेस्टाइनला महासभेनं २९ नोव्हेंबर २०१२ रोजी निरीक्षक राज्याचा दर्जा दिला. बाजूनं १३८, विरोधात ९, तटस्थ ४१. भारतानं बाजूनं मत दिलं. भारतानं तर पॅलेस्टाइनला १९८८ मध्येच मान्यता दिलेली होती. पुढं एप्रिल २०२४ मध्ये पूर्ण सदस्यत्वाचा ठराव सुरक्षा परिषदेत आला, १५ पैकी १२ जणांनी पाठिंबा दिला आणि अमेरिकेच्या नकाराधिकारानं तो पडला. सप्टेंबर २०२५ मध्ये ब्रिटन, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, फ्रान्स यांनीही मान्यता दिली. दीडशेहून अधिक देश पॅलेस्टाइनला राज्य मानतात, तरी ते सदस्य नाही. तेव्हा १९३ लिहिणारा मुलगा चुकला असं तुम्ही म्हणत असाल, तर कोणत्या नियमानं चुकला ते लिहून द्या. आणि निरीक्षकही मोजायचे असतील, तर प्रश्नात तसं म्हणा.

१९७ हा आकडा बरेचजण तैवान आणि कोसोव्हो धरून सांगतात. तैवानची लोकसंख्या सव्वादोन कोटींहून अधिक. स्वतःचं सरकार, सैन्य, चलन, पासपोर्ट, निवडणुका, सगळं आहे. १९७१ पर्यंत संयुक्त राष्ट्रांतली चीनची जागा तैवानच्या राजधानीतलं, तैपेईतलं सरकार सांभाळत होतं. २५ ऑक्टोबर १९७१ च्या ठरावानं ती जागा बीजिंगकडे गेली. आज तैवानला राजनैतिक मान्यता देणारे देश डझनभर उरलेत. तिथला खेळाडू ऑलिम्पिकमध्ये ‘चायनीज तैपेई’ या नावानं उतरतो, आणि जागतिक व्यापार संघटनेत तैवान २००२ पासून स्वतंत्र जकात क्षेत्र म्हणून सदस्य आहे. भारताचा तैपेईत दूतावास नाही, पण दूतावासासारखंच काम पाहणारं कार्यालय १९९५ पासून आहे. कोसोव्होनं १७ फेब्रुवारी २००८ रोजी सर्बियापासून स्वातंत्र्य जाहीर केलं. ती घोषणा आंतरराष्ट्रीय कायद्याचा भंग करत नाही, असं मत हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयानं २०१० मध्ये दिलं. फिफा आणि ऑलिम्पिक समितीनं कोसोव्होला आत घेतलं, भारतानं मान्यता दिलेली नाही.

आणि २०६? तो राष्ट्रीय ऑलिम्पिक समित्यांचा आकडा. त्यात स्वतंत्र देश नसलेलं पोर्तो रिको आहे, हाँगकाँगही आहे. फिफाच्या यादीत २११ संघ आहेत, कारण तिथं इंग्लंड, स्कॉटलंड, वेल्स वेगवेगळे. जामठ्याच्या क्रिकेट मैदानावर वेस्ट इंडीजचा संघ पाहिलेल्या मुलांना मी हेच उदाहरण देते : ह्या नावाचा देशच नाही, बार्बाडोस, जमैका, गयाना असे कितीतरी देश मिळून तो संघ होतो. हे मुलांना लगेच कळतं. कळत नाही ते तुमचं कारण न देणारं उत्तर.

काहीजण म्हणतील, एवढ्या खोलात कशाला शिरायचं? वस्तुनिष्ठ परीक्षा आहे, सोपा प्रश्न आहे, प्रचलित उत्तर लिहावं. मला हे मुळीच पटत नाही. प्रचलित उत्तरावर विसंबायचं ठरवलं, तर काय होतं हे आपल्या शेजारीच घडलेलं आहे.

भारतानं ६ डिसेंबर १९७१ रोजी बांगलादेशला मान्यता दिली. त्याच दिवशी भूताननंही दिली. दहा दिवसांनी ढाक्यात पाकिस्तानी फौज शरण आली. देश उभा राहिला, सरकार आलं, मार्च १९७२ मध्ये भारतानं त्याच्याशी मैत्रीचा करार केला. पण ऑगस्ट १९७२ मध्ये बांगलादेशचा सदस्यत्वाचा अर्ज चीननं नकाराधिकार वापरून अडवला. पाकिस्ताननं मान्यता दिली ती फेब्रुवारी १९७४ मध्ये. मे १९७४ मध्ये इंदिरा गांधी आणि मुजीबुर रहमान यांनी सीमा करारावर सह्या केल्या, आणि बांगलादेश संयुक्त राष्ट्रांचा सदस्य झाला त्यानंतर, १७ सप्टेंबर १९७४ रोजी. म्हणजे ज्या देशाशी आपण सीमा ठरवत होतो, तो संयुक्त राष्ट्रांच्या यादीत तेव्हा नव्हताच. समजा १९७३ मध्ये हा तुमचा प्रश्न आला असता आणि एखाद्या मुलानं बांगलादेश धरून आकडा लिहिला असता, तर तुम्ही त्याचे मार्क कापले असते?

उलट बाजूही पाहा. भारत संयुक्त राष्ट्रांचा संस्थापक सदस्य आहे. १९४५ मध्ये. तेव्हा आपल्यावर इंग्रजांचं राज्य होतं, तरी यादीत आपलं नाव होतं. युक्रेन आणि बेलारूस हे सोव्हिएत संघाचे घटक असूनही त्याच वर्षापासून वेगळे सदस्य होते. आणि स्वित्झर्लंड, ज्याच्या जिनिव्हात संयुक्त राष्ट्रांचं युरोपातलं मुख्य कार्यालय आहे, तो देश सदस्य झाला १० सप्टेंबर २००२ रोजी. त्याच्या आदल्या दिवशी स्वित्झर्लंड देश नव्हता, असं म्हणायची तुमची तयारी आहे का?

मान्यता कुणी द्यायची आणि ती नाकारली की काय होतं, हे नागपूरकरांना तरी परकं वाटायचं कारण नाही. १८५३ मध्ये तिसरे रघूजी भोसले गेले. औरस पुत्र नव्हता. राजघराण्यानं घेतलेला दत्तक वारस डलहौसीनं मान्य केला नाही, आणि १८५४ मध्ये नागपूरचं राज्य खालसा झालं. १८१८ पासून ते कंपनीच्या पंखाखालीच होतं हे खरं. पण माणसं तीच, महाल तोच, इतवारीचा बाजार तोच, आणि कलकत्त्यातल्या एका निर्णयानं राज्य नकाशावरून गेलं. पुढं ह्याच शहरानं मध्य प्रांताची राजधानी म्हणून मान मिरवला आणि १९५६ मध्ये तोही गमावला. ज्या शहराच्या इतिहासात हे आहे, तिथल्या मुलांना ‘देश म्हणजे यादीतला आकडा’ एवढंच शिकवायला माझं मन घेत नाही.

आणखी एक गोष्ट मला जवळून दिसते. दर हिवाळ्यात नागपुरात तिबेटी लोकांचा स्वेटर बाजार लागतो. गोंदिया जिल्ह्यात अर्जुनी मोरगाव तालुक्यात, गोठणगावजवळ त्यांची वसाहत आहे, तिथली नवी पिढी मराठी आणि हिंदी सहज बोलते. त्या बाजारातल्या एका बाईंनी मला प्रवासासाठी भारत सरकारनं दिलेलं त्यांचं ओळखपत्र दाखवलं होतं. पासपोर्टाएवढंच पुस्तक, पण पिवळ्या कव्हराचं. विमानतळावर हे दाखवलं की बाजूला उभं राहावं लागतं, म्हणाल्या. माझे विद्यार्थी त्यांच्याकडून जॅकेट घेतात आणि वर्गात येऊन भारत-चीन करारातल्या पंचशीलाची पाच तत्त्वं पाठ करतात. पण २९ एप्रिल १९५४ चा तो करार मुळात भारत आणि ‘चीनचा तिबेट प्रदेश’ यांच्यातल्या व्यापाराचा आणि येण्याजाण्याचा होता, आणि त्या करारातच आपण तिबेटला चीनचा प्रदेश म्हणून लिहून दिलं, हे कोणत्या मार्गदर्शकात सापडतं? तेव्हाचा निर्णय बरोबर की चूक यावर वाद घालायला मी हे पत्र लिहीत नाही. परंतु पाच तत्त्वं विचारायची आणि करार कशाचा होता ते कधीच विचारायचं नाही, ही माझी दुसरी तक्रार आहे. देशांचा आकडा विचारून मान्यतेबद्दल गप्प राहणं हा त्याच सवयीचा भाग आहे.

तिसरी तक्रार तारखेची. प्रश्नात कोणत्या तारखेची स्थिती धरायची, हे तुम्ही लिहीत नाही. मान्यता मिळते, तशी काढूनही घेतली जाते. पश्चिम सहारातल्या सहरावी प्रजासत्ताकाला भारतानं १९८५ मध्ये मान्यता दिली आणि २००० मध्ये काढून घेतली. तेच प्रजासत्ताक आफ्रिकी संघाचं आजही सदस्य आहे. म्हणूनच आफ्रिकी संघाच्या यादीत ५५ नावं आहेत आणि संयुक्त राष्ट्रांच्या यादीत आफ्रिकेतली ५४. ‘आफ्रिका खंडात देश किती’ हा तुमचा दुसरा आवडता प्रश्न, आणि त्याचंही उत्तर कधी ५४ तर कधी ५५ येतं! पॅसिफिक महासागरातला नाउरू २१ चौरस किलोमीटरचा. आपल्या महापालिकेच्या एका प्रभागातसुद्धा त्याच्यापेक्षा जास्त लोक राहतात. त्यानं आधी तैवानला मान्यता दिली, २००२ मध्ये चीनला, २००५ मध्ये पुन्हा तैवानला आणि जानेवारी २०२४ मध्ये पुन्हा चीनला. नाउरू १९९९ पासून संयुक्त राष्ट्रांचा पूर्ण सदस्य आहे. त्याच वेळी सोमालीलँड १९९१ पासून स्वतःचं चलन आणि पासपोर्ट चालवतो, निवडणुका घेतो, नोव्हेंबर २०२४ मध्ये तिथं मतदानानं सत्तापालट झाला, आणि संयुक्त राष्ट्रांत त्याला जागा नाही. १९६० मध्ये हाच भाग पाच दिवस स्वतंत्र देश होता, मग सोमालियात मिसळला.

पुस्तिकांबद्दल फार लिहीत नाही. फुटपाथवर मिळणाऱ्या सामान्य ज्ञानाच्या पुस्तकांवर चालू वर्ष छापलेलं असतं आणि आत स्वाझीलँड, मॅसिडोनिया अशी जुनी नावं तशीच असतात. कझाकस्तानची राजधानी २०१९ मध्ये नूर-सुलतान झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा अस्ताना, त्यातलं मधलंच नाव राहून गेलेलं असतं. एका शाळेत मी भिंतीवर असा नकाशा पाहिला, ज्यात सुदान अजून अखंड आहे. दक्षिण सुदान झाल्यानंतर जन्मलेली मुलं त्या नकाशासमोर बसतात.

मुलांना हे सगळं झेपणार नाही, अशी शंका कुणी काढू नये. राज्य कशाला म्हणायचं हे सांगणाऱ्या १९३३ च्या माँटेव्हिडिओ करारातल्या चार अटी मी फळ्यावर लिहिते : कायमची लोकसंख्या, ठरलेला भूभाग, सरकार, आणि इतर राज्यांशी संबंध ठेवायची क्षमता. त्याच करारात पुढं म्हटलंय की राज्याचं अस्तित्व इतरांच्या मान्यतेवर अवलंबून नाही. मग मुलांना म्हणते, आता तैवान लावून बघा, व्हॅटिकन लावून बघा, पॅलेस्टाइन, कोसोव्हो, कुक बेटं लावून बघा. वर्ग अक्षरशः पेटतो. कुक बेटांचे लोक न्यूझीलंडचे नागरिक, तरीही ती बेटं जागतिक आरोग्य संघटनेची स्वतंत्र सदस्य, हे कसं, यावर भिवापूरचा एक मुलगा आणि काटोलची एक मुलगी अभ्यासिका बंद व्हायच्या वेळेपर्यंत भांडत होते. अशी मुलं हुशार आहेत. त्यांना चारातला एक पर्याय ओळखायचं यंत्र करू नका.

भारताच्या सीमांबद्दल मी एक शब्दही वेगळा बोलत नाही. भारतीय सर्वेक्षण विभागाचा नकाशा हाच माझ्या वर्गात लागतो आणि लागेल. पण इतर देशांच्या बाबतीत आपल्या सरकारची जी भूमिका आहे, तीसुद्धा मुलांना कळली पाहिजे. पॅलेस्टाइनला मान्यता आहे, कोसोव्होला नाही, इस्रायलला १९५० मध्ये मान्यता दिली आणि पूर्ण राजनैतिक संबंध १९९२ मध्ये ठेवले. सरकारी नोकरीत जाणाऱ्या उमेदवाराला आपल्याच देशाची ही भूमिका ठाऊक असणं, एक उघडा आकडा पाठ असण्यापेक्षा कितीतरी जास्त गरजेचं आहे.

तेव्हा मागण्या स्पष्ट लिहिते.

‘जगात देश किती’ हा प्रश्न ह्या रूपात यापुढं कोणत्याही परीक्षेत विचारू नये. विचारायचाच तर ‘अमुक तारखेला संयुक्त राष्ट्रांचे सदस्य किती’ असा विचारावा. आफ्रिका, युरोप, आशिया यांच्याबद्दलही तोच नियम लावावा. युरोपात कोसोव्हो आणि आशियात तैवान तुमची वाट पाहतच आहेत.

हरकतींना कारणासह उत्तर द्यावं. कोणता संदर्भग्रंथ, कोणती यादी, कोणती तारीख, हे तीन शब्दांत लिहिता येतं. उमेदवाराची हरकत योग्य ठरली तर त्याचं शुल्क परत करावं. दोन परीक्षांच्या उत्तरतालिका एकमेकींना छेद देत असतील, तर दोन्हीकडच्या तज्ज्ञांनी आपापला आधार जाहीर करावा.

पुस्तिका छापणाऱ्यांनी देशांच्या यादीवर यादी कुणाची आणि कोणत्या महिन्यापर्यंतची, हे छापावं. नवं वर्ष मुखपृष्ठावर घालून जुनं पान आत देणं बंद करावं. अभ्यासक्रम ठरवणाऱ्यांना विनंती आहे की मान्यता, सदस्यत्व आणि निरीक्षक दर्जा यांतला फरक सांगणारी दोन पानं तरी भूगोलात किंवा राज्यशास्त्रात घालावीत, आणि त्यात बांगलादेशचं उदाहरण असावं, कारण ते आपल्या घरचं आहे.

आणि सगळ्यांत तातडीचं. ज्या परीक्षेबद्दल हे पत्र आहे, तिची अंतिम निवड यादी अजून लागायची आहे. ती लागण्याआधी हा प्रश्न रद्द करा आणि सर्व उमेदवारांना त्याचा गुण द्या, ज्यांचा पाव मार्क कापला त्यांना तो परत द्या. १९५ लिहिणाऱ्यांचंही यात काही नुकसान नाही, त्यांचा गुण त्यांच्याकडेच राहतो. माझ्या वर्गातल्या मुलांनी ह्याच मागणीचं निवेदन सह्यांसह तयार केलं आहे, आणि ते स्वीकारायला कुणाला, कुठल्या दिवशी भेटायचं, एवढं कळवावं.

आपली,
भूगोलाची एक शिक्षिका,
नागपूर